पाण्याची सुई

कंपाउंडर काकाजींनी उभ्या आयुष्यात एकाही लेकराला मुद्दाम जिंकू दिलं नाही. बाकीची मोठी माणसं पोरांशी खेळताना हळूच एखादा डाव सोडतात आणि पोरगं नाचायला लागलं की स्वतःच्याच मोठेपणावर खूश होतात. काकाजींसमोर पाच वर्षांचं पोर असलं तरी ते त्याला चारी मुंड्या चीत करत आणि वर रडतं का ते बघत बसत. एखादी आई म्हणालीच की, जिंकू द्या ना एखाद वेळी, लहान आहे, तर त्यांचं उत्तर ठरलेलं होतं. "मी पान्याची सुई लावत नाही, बाई."

पाण्याची सुई म्हणजे काय, हे आमच्या सौंसरमध्ये तेव्हा सगळ्यांना माहीत होतं, फक्त ती ज्याला लागायची त्याला माहीत नसायचं. सुई टोचल्याशिवाय दवाखान्यातून निघायचं म्हणजे पेशंटला आपली फसवणूक झाल्यासारखं वाटे. मग ज्याला काहीच झालेलं नाही त्याला डॉक्टर डोळ्यांच्या खुणेने काकाजींना नुसत्या पाण्याचं इंजेक्शन द्यायला सांगत. माणूस दंड चोळत खुशीत घरी जाई आणि बरासुद्धा होई. मोहगावची एक म्हातारी दर आठवड्याला अंग दुखतं म्हणून बसने येई, बाकावर बसून चार बायकांशी बोले, सुई घेई आणि परत जाई. एक दिवस काकाजींनी तिला सुई लावता लावता सांगून टाकलं, "आजीबाई, याच्यात औषध नाही. निरं पानी हाय. तुमाले काही झालं नाही." म्हातारी त्यांच्याकडे बघत राहिली, लुगड्याचा पदर सारखा केला आणि गेली. ती पुन्हा कधी आली नाही. डॉक्टर दोन दिवस काकाजींशी बोलले नाहीत. काकाजी म्हणाले, "खोटं बरं वाटन्यापरस खरं दुखलेलं बरं." त्या म्हातारीचं खरोखर काय दुखत होतं, हे त्यांच्या डोक्यात आलं नसावं. किंवा आलं असेल आणि त्यांनी ते झटकलं असेल. मला दुसरं जास्त खरं वाटतं.

दिसायला माणूस म्हणजे काडी. काळा, उंच, इस्त्रीचा पांढरा शर्ट, अंगाला कायम स्पिरिटचा वास. पण हात असा की डॉक्टरांपेक्षा लोक त्यांचं नाव घेत. आमच्याकडे संत्र्याला तोटा नाही, त्यामुळे त्यांनी हात बसवला तो संत्र्यांवर. संत्र्याला सुई टोचायची, पाणी सोडायचं, सुई काढायची आणि सालीवर रसाचा थेंब दिसता कामा नये. म्हातारपणीसुद्धा दर सोमवारी सकाळी ते एक संत्रं टोचून बघत आणि मगच घराबाहेर पडत. माझ्या आईच्या हाताला देवाने शिरा दिल्या आहेत, पण कोणाला दाखवायच्या नाहीत या अटीवर. भलेभले तिच्या हातावर थापट्या मारून थकत. काकाजी बघतसुद्धा नसत. डोळे मिटून अंगठा फिरवत आणि एकदाच सुई घालत. आई म्हणे, कंपाउंडरची सुई आत गेली ते त्याने कापूस मागितल्यावर कळतं.

त्यांच्या साळ्याने नागपूरहून त्यांना एक व्हिडिओ गेम आणून दिला होता. टीव्हीला जोडायचा डबा, दोन रिमोट आणि पिवळ्या रंगाची एक कॅसेट. दवाखान्याच्या मागच्या खोलीत तो मांडून काकाजींनी कायदा केला. सुई घेतली आणि रडला नाही, तर एक डाव. सौंसरच्या पोरांनी त्या कायद्यापायी जेवढी इंजेक्शनं हसत घेतली तेवढी कुठे घेतली गेली नसतील. कॅसेटवरचं नाव कोणाला वाचता येत नसे, म्हणून आम्हीच नाव ठेवलं, ढांग्या. लांब टांगांचा एक माणूस, त्याला तीन पूल पार करायचे. पुलाच्या फळ्या मागेपुढे सरकत, आणि फळी परत फिरते त्या नेमक्या क्षणी उडी मारायची. आधी मारली तरी खाली, नंतर मारली तरी खाली. आधी पोराने खेळायचं, मग काकाजींनी. काकाजी तिन्ही पूल पार करत, रोज, न चुकता, आणि रिमोट खाली ठेवताना पोराला एक नाव देत. लवकर उडी मारणारा उताविळ्या. डोळे फाडून बघत राहणारा झापड्या. दिलेलं नाव ते परत घेत नसत.

मी नऊ वर्षांचा होतो. तीनदा उडी मारली, तीनदा उशिरा. तिसऱ्यांदा पडल्यावर मी म्हणालो की रिमोटचं बटण दबत नाही. काकाजींनी तोच रिमोट माझ्या हातातून घेतला, त्याच बटणाने तिन्ही पूल पार केले आणि रिमोट परत माझ्या मांडीवर ठेवला. "नाचता येईना अंगण वाकडं. हरल्यावर जो मशीनले नाव ठेवते ना बे, तो दोनदा हरते. बटन नाही, तू ढिला हायेस." मग दाराकडे तोंड करून, बाहेर बाकावर बसलेल्या पेशंटांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "ढिल्या." ज्याला ताप होता तोसुद्धा हसला.

दुसऱ्या दिवशी ते नाव शाळेत माझ्या आधी पोचलं होतं. पुढे ते कॉलेजात आलं, नोकरीत आलं. लग्नात माळ घालताना तिच्या भावांनी नवरीला उचललं, माझी माळ तिच्या खांद्यावरून घसरली, आणि मांडवातून आवाज आला, "ढिल्या, पूल सरकला ना बे." अख्खा मांडव हसला, नवरीही हसली. गेल्या वर्षी एका लग्नाची पत्रिका आली, वर सुंदर अक्षरात लिहिलं होतं, श्री. ढिले साहेब, सहपरिवार. लिहिणाऱ्याची चूक नव्हती. त्याला ते माझं आडनाव वाटत होतं.

आता कोणी म्हणेल की असल्या माणसाबद्दल मायेने लिहावं असं आहे काय. आहे. मला अकराव्या वर्षी टायफॉइड झाला तेव्हा बारा दिवस, रोज दोन वेळा, काकाजी आमच्या घरी येऊन सुई लावत होते. येताना तो डबा पिशवीत घालून आणत. आमच्या टीव्हीला जोडत, माझ्या पाठीमागे उशी लावत, मला खेळू देत, मग स्वतः खेळून मला हरवत. तापाने फणफणलेल्या पोरालासुद्धा त्यांनी जिंकू दिलं नाही. पण त्या बारा दिवसांत त्यांनी मला एकदाही ढिल्या म्हटलं नाही. मला नावाने हाक मारत होते, आणि त्यामुळे मी मरणार अशी माझी खात्री झाली होती. तेराव्या दिवशी त्यांनी माझ्या कपाळाला हात लावला, आईकडे बघितलं आणि म्हणाले, "ढिल्या, आंघोळ कर. घान वास येऊन राह्यला." आई स्वयंपाकघरात जाऊन रडली. मला कळलं की मी वाचलो.

पांढुर्णा जिल्हा झाला तसं तिथं नवं कार्यालय आलं आणि माझी तिथं बदली झाली. आई सौंसरचं घर सोडायला तयार नव्हती, म्हणून आम्ही दोघं नवरा-बायको रेल्वेलाइनच्या बाजूला भाड्याने राहू लागलो. चाळिशी उलटलेल्या माणसाने गेमचं नवं मशीन विकत घेतलं म्हणून बायकोने नाक मुरडलं. मला त्यातल्या नव्या, झगमगीत गेम नको होत्या. त्या मशीनवर जुन्या मशीनांच्या गेमांचा एक गठ्ठा मिळतो असं कळलं होतं. तो उतरवून घेतला आणि चित्रं बघत खाली खाली गेलो, तर तिथे ढांग्या उभा. नाव भलतंच परदेशी, पण टांगा त्याच. मी दोन महिने ऑफिसातून आलो की चहा थंड होईपर्यंत ते पूल घोकत होतो. गेम आठवणीपेक्षा जरा चलाख वाटली, पण म्हटलं नवं मशीन आहे, असणारच. एक दिवस तिन्ही पूल पार झाले. मग रोज व्हायला लागले. तेव्हा मी काकाजींना जेवायला बोलावलं. खोटं कशाला सांगू, जेवायला बोलावलं नव्हतं. हरवायला बोलावलं होतं, आणि बघायला ऑफिसातले दोघे जणही बोलावले होते.

तोवर डॉक्टर म्हातारपणामुळे मुलाकडे राहायला गेले होते आणि दवाखाना बंद झाला होता. काकाजी सत्तरी ओलांडलेले, पण काम सुरूच होतं. दुसऱ्या डॉक्टरांच्या चिठ्ठ्या बघून ते घरोघर जात, कोणाला सलाइन, कोणाला सुई. सकाळी सायकल काढत ती उन्हं डोक्यावर येईपर्यंत गल्लीगल्लीतून त्यांना हाका असत. सोबत काकू आल्या होत्या. काकूंना मूलबाळ नाही आणि नवऱ्याच्या हाताचं त्यांना लेकरासारखं कौतुक. बायकोने पातोडीची भाजी केली होती. ढांग्या पडद्यावर आला तसे काकाजी सोफ्यावरून उठले आणि पूर्वीसारखे जमिनीवर मांडी घालून बसले. चेहरा असा झाला की माझं मन क्षणभर मागे हटलं. क्षणभरच.

पहिल्या पुलावर ते खाली पडले.

"परत लाव," ते म्हणाले. पुन्हा पडले. उडी त्यांनी अचूक तिथेच मारली होती जिथे ते तीस-पस्तीस वर्षं मारत आले होते, पण फळी तोवर निघून गेली होती. चौथ्या वेळी ते म्हणाले, "आज हा घाईत दिसते बे," आणि लगेच जीभ चावली. "नाही नाही. नाचता येईना अंगण वाकडं." त्यांनी स्वतःच स्वतःला गप्प केलं. मग मी रिमोट घेतला, तिन्ही पूल पार केले आणि ज्या वाक्याची तीस वर्षं तालीम केली होती ते बोललो. "काय काकाजी, हात ढिला झाला वाटते." ऑफिसातले दोघे हसले. बायको हसली नाही. काकाजींनी उजवा हात उलटसुलट करून बघितला आणि म्हणाले, "हव. झाला असन." त्या दिवशी ते अर्धीच भाकर जेवले आणि मी तीन.

दोन दिवसांनी मी त्या गेमच्या सेटिंगमध्ये उगाच खुडबुड करत होतो. तिथे एका ओळीत दोन आकडे होते, पन्नास आणि साठ. साठवर खूण होती. मी पन्नास केलं. ढांग्याची धून सुरू झाली आणि मी रिमोट खाली ठेवला. ही ती धून होती. दवाखान्याच्या मागच्या खोलीतली, तापात ऐकलेली, तीच संथ धून. मग शोधून वाचून काढलं. गेम मुळात बनलेली साठवर, म्हणजे एका सेकंदाला पडदा साठ वेळा बदलणार. आपल्याकडचे जुने डबे आणि टीव्ही पन्नासवर चालत. म्हणजे सौंसरमध्ये आम्ही सगळे जन्मभर हळू चालणारा ढांग्या खेळलो, आणि काकाजींच्या बोटांत ती हळू चाल मुरली होती. नव्या मशीनवर तो पहिल्यांदाच त्याच्या खऱ्या वेगाने पळत होता. पन्नासवर मी खेळून बघितलं तर मी पहिल्याच पुलावर पडलो. काकाजींचा हात ढिला झालेला नव्हता. हात जिथे होता तिथेच होता.

मी ते परत साठवर केलं.

त्याच आठवड्यात त्यांचा फोन आला. "येत्या इतवारी येतो. रोज प्रॅक्टिस करून राह्यलो." प्रॅक्टिस ते घरी करत होते, जुन्या डब्यावर. म्हणजे जितकी जास्त करतील तितके इथे खात्रीने पडतील, हे मला फोन धरल्या धरल्या कळलं होतं. चार शब्दांत सांगता आलं असतं. मी म्हणालो, "या ना काकाजी."

ते एकटे, बसमध्ये उभ्याने आले. त्या दिवशी बघायला कोणी नव्हतं, बायकोही माहेरी गेली होती, म्हणजे मला मिरवायचंही नव्हतं. तरी मी तो आकडा बदलला नाही. पाच डाव झाले, पाचही ते हरले. मी शेजारी बसून बघत होतो आणि मला आत कुठेतरी गार गार वाटत होतं. नवव्या वर्षी बाकावरचे पेशंट हसले होते त्याचा हा बदला होता असं म्हणून मी स्वतःला सोडवू शकलो असतो. पण खरं ते एवढंच, की ते पडत होते आणि मला मजा येत होती. शेवटी त्यांनी रिमोट ठेवला. "घरी जमते. रोज तिन्ही पूल होतेत. इथं दुसऱ्यासमोर बसलो का होत नाही. मतलब दुसऱ्यासमोर माहा हात चुकते." मग उठत म्हणाले, "आन् सुई त दुसऱ्यालेच लावा लागते."

मी त्यांना बसस्टँडवर सोडायला गेलो. बस लागेपर्यंत त्यांनी माझा हात धरून ठेवला होता. "बरं झालं तू दाखवलं बाबू. नाही त कोन्या लेकराची शीर फोडली असती म्या. दुसरा कोनी असता त म्हाताऱ्याले जिंकू देल्लं असतं. तू पान्याची सुई नाही लावली. माह्याच हाताखालचा हायेस." बस निघाली तेव्हा त्यांनी खिडकीतून हात हलवला. मीही हलवला.

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी सुई सोडली. बोलवायला आलेल्यांना सांगत, हात गेला, दुसरा पाहा. लोकांना पटेना, हात तर दगडासारखा स्थिर. पण काकाजींनी एकदा दिलेला निकाल पाळणारा पहिला माणूस काकाजीच. सायकल भिंतीला लागली ती लागली. सकाळी ते शर्टाला इस्त्री करत, घालत आणि दारात खुर्ची टाकून बसत.

पावसाळ्यात आईला डिसेंट्री झाली, अंगातलं पाणी गेलं, सलाइन लावायची वेळ आली. मी सौंसरला पोचलो तेव्हा दोन जणांनी मिळून पाच ठिकाणी टोचून झालं होतं. आईचा हात कोपरापासून मनगटापर्यंत निळा पडला होता. ती कण्हत नव्हती, फक्त म्हणाली, "कंपाउंडरले बोलाव ना रे बाबू." मी काकाजींच्या दारात गेलो. त्यांनी मान हलवली. "तुह्या आईले म्या दुखवू काय? नाही." आतून काकू बाहेर आल्या. म्हणाल्या, "रोज संत्र्याले सुया लावून पाह्यते. एक थेंब बाहेर येत नाही. पन आयकत नाही." काकाजी म्हणाले, "संत्रं रडत नाही. संत्र्यावर काय समजते?"

सहाव्यांदा कुणाला तरी आईची शीर सापडली आणि ती वाचली. पण तो निळा हात बघून मला राहवेना. तिला जरा बरं वाटल्यावर मी पांढुर्ण्याहून मशीन पिशवीत घालून आणलं, काकाजींच्या टीव्हीला जोडलं आणि सगळं सांगितलं. पन्नास, साठ, दोन्ही वेगळे वेग. मला आधी कळलं होतं, हेही सांगायचं होतं, पण तेवढं तोंडातून निघेना. म्हटलं आधी हे पटू दे. आकडा पन्नासवर केला आणि रिमोट त्यांच्या हातात दिला. काकाजी मांडी घालून बसले. पहिला पूल, दुसरा पूल, तिसरा पूल. नव्या मशीनवर, माझ्यासमोर, काकूंसमोर, सरळ पार. त्यांच्या तोंडावर हसू आलं. मग त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि ते हसू गेलं.

"तू हळू केली ना ही?"

"हळू म्हणजे काकाजी, आपली जुनी होती तशीच..."

"मी काय इच्यारून राह्यलो? हळू केली का नाही?"

"केली," मी म्हणालो.

"आईसाठी."

त्यांनी रिमोट माझ्या मांडीवर ठेवला, तीस वर्षांपूर्वी ठेवला होता तसाच. "लेकराले जिंकवतेत तसं जिंकवून राह्यला मले. म्हाताऱ्याले बरं वाटीन, उठून सुई लावीन. पान्याची सुई लावली तू मले. तू असा निंगशीन असं वाटलं नोतं." मी पुन्हा सांगायला लागलो की मशीनच वेगळं आहे, तर त्यांनी हात वर केला. "मशीनचं नाव घेऊ नको." ज्या म्हणीने त्यांनी आम्हा सगळ्या पोरांची तोंडं बंद केली होती तिने आता माझंही केलं. आणि अंगण तर खरोखर वाकडं होतं. ते मीच वाकडं ठेवलं होतं.

त्यानंतर मी सौंसरला गेलो की त्यांच्या दारावरून जाई. ते खुर्चीतून अर्धवट उठत आणि म्हणत, "या साहेब." ढिल्या म्हणणं त्यांनी सोडून दिलं. टायफॉइडमध्ये जशी भीती वाटली होती तशी मला त्या 'साहेब'ने वाटू लागली. ज्या नावाचा जन्मभर राग केला त्या नावासाठी मी त्यांच्या दारात मुद्दाम रेंगाळायचो, पण ते मिळालं नाही. हिवाळ्यात, संत्र्यांचा मोसम ऐन भरात असताना, ते गेले. आजार असा काही नव्हता. दारातल्या खुर्चीत बसल्या बसल्या, इस्त्रीच्या शर्टात गेले.

तेरवीनंतर काकूंनी मला बोलावून घेतलं. पलंगाखालून कापडात गुंडाळलेला तो जुना डबा काढला. "जायाच्या आधी दोनचार दिवस म्हनले, हे ढिल्याले देजा." मी मान खाली घालून उभा राहिलो. शेवटी का होईना, नाव परत मिळालं होतं. काकू म्हणाल्या, "लावा बरं एकडाव. रोज संध्याकाळी वाजे. घर लय चुप झालं."

मी डबा टीव्हीला जोडला. धून सुरू झाली, ती संथ धून. मी काकाजींच्या जागी जमिनीवर बसलो. पहिल्याच पुलावर फळी परत फिरायच्या आधी उडी मारली आणि खाली पडलो. काकू मागे पलंगावर बसून बघत होत्या. थोड्या वेळाने त्यांनी विचारलं, "त्या दिशी तुमी मशीन घेऊन आले होते ना, आन् सांगत होते का हात बराबर हाय, मशीनच वेगळं हाय. थे खरं होतं का?"

खरं सांगितलं असतं तर काकूंना कळलं असतं की त्यांचा माणूस हरलाच नव्हता. आणि पुढचा प्रश्न त्यांनी विचारला असता, मग हे तुम्हाला कधी कळलं. पहिलं उत्तर द्यायचं तर दुसरंही द्यावं लागलं असतं. मी भ्यालो.

"नाही काकू," मी म्हणालो. "त्यांना बरं वाटावं म्हणून बोललो होतो."

काकूंचा चेहरा निवळला. "मले वाटलंच. म्हनजे त्यायनं बराबर ओळखलं. शेवटपावतर त्यायले कोनी फसवू शकलं नाही." त्यांनी पदराने डोळे पुसले. मला काहीतरी करायला हवं होतं म्हणून मी पुन्हा डाव लावला, पुन्हा लवकर उडी मारली आणि पुन्हा पडलो.

काकू रडता रडता हसल्या. "ढिले थे ढिलेच तुमी."

मशीन हळू चालतं, हे मी त्यांना सांगितलं नाही.